कोनाड्याचा खटला

सोलापुरात मी वकिलीची पाटी लावली तेव्हा माझे पहिले पक्षकार म्हणजे माझे सासरे. मला दुसरं कोणी मिळेना, आणि त्यांचा खटला दुसरा कोणी वकील घेईना.

ते शाळेतून निवृत्त झालेले गणिताचे मास्तर. स्वयंपाकघराच्या मागच्या भिंतीत त्यांनी परवानगी न काढताच खिडकी पाडली होती. भिंतीपलीकडे एका तेलुगू कारखानदाराचं घर आणि चार हातमाग होते. तिथले विणकर नक्षीचे धागे तोंडाने मोजत, आणि सासरे खिडकीशी खुर्ची टाकून मोठमोठ्याने पाढे म्हणत. विणकरांची मोजणी चुके आणि पदरावरचा मोर लंगडा निघे. असे तीन-चार मोर झाल्यावर कारखानदाराने म्युनिसिपालिटीत तक्रार केली. खिडकी बुजवा, अशी नोटीस आली. सासऱ्यांनी ती बुजवली नाही, म्हणून प्रकरण मॅजिस्ट्रेटपुढे गेलं.

"खिडकी नाहीच म्हणून सांगा," सासरे मला म्हणाले. "कोनाडा आहे तो."

"मामा, आरपार दिसतं की हो."

"मग खोल कोनाडा आहे म्हणा."

सासऱ्यांपुढे बोलायची माझी छाती नव्हती. मी कोर्टात तेच मांडलं. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिलं आणि जागेवर येऊन बघतो म्हणाले.

ते यायच्या दिवशी सासऱ्यांनी खिडकीला पलीकडच्या अंगाने फळी टेकवली, आत गणपती ठेवला, समई लावली. खरोखर कोनाडा दिसू लागला. साहेबांनी बूट काढले, हातसुद्धा जोडले. मला वाटलं, जिंकलो.

तेवढ्यात फळी सरकली. गणपतीच्या शेजारून बांगड्या भरलेला एक हात आत आला. हातात शेंगाच्या चटणीची वाटी.

"वहिनी, घ्या की," पलीकडून कारखानदाराच्या बायकोचा आवाज आला.

सासूबाई तिथेच उभ्या होत्या. रोजच्या सवयीने त्यांनी वाटी घेतली, कालची धुतलेली वाटी त्या हातात दिली आणि म्हणाल्या, "अक्का, मीठ जरा कमी घाला हं उद्या." मग साहेबांकडे लक्ष गेलं आणि त्यांनी पदर डोक्यावर ओढला.

साहेबांनी शांतपणे विचारलं, "वकीलसाहेब, हा कोनाडा रोज चटणी देतो का?"

निकाल लागला: ही खिडकीच आहे, ती बुजवावी, हवी असल्यास रीतसर परवानगी काढून पुन्हा पाडावी. गवंड्याने एका सकाळीच ती बुजवली. सासरे दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

तिसऱ्या दिवशी कारखानदार स्वतः आमच्या दारात आला. "मास्तर, लई घोटाळा झाला," तो म्हणाला. "आता वाटी द्यायला आमची बायको गल्लीला वळसा घालून तुमच्याकडे येते आणि तासभर बसते. तिकडं माझे विणकर जेवणाची वाट बघत बसलेत. खिडकी पाडा तुम्ही. माझी हरकत नाही म्हणून लिहून देतो."

"मग तक्रार केलीत कशाला?" सासऱ्यांनी विचारलं.

"तक्रार पाढ्यांची होती. म्युनिसिपालिटीच्या कागदावर पाढ्यांना जागाच नव्हती, म्हणून खिडकी लिहिली."

मी अर्ज केला. मोजमाप घ्यायला ओव्हरसियर आला तेव्हा सासरे पेन्शनीच्या कामाला कचेरीत गेले होते. खिडकी कुठे हवी, हे त्याला सासूबाईंनी आणि अक्कांनी दाखवलं. दोघी ठेंगण्या. चुलीपाशी बसल्या बसल्या हात पोचावा एवढ्या उंचीवर त्यांनी कोळशाने रेघ मारली, आणि नकाशात तीच उंची चढली.

परवानगी आली, खिडकी झाली. सासरे चांगले सहा फुटी. तिच्यातून पलीकडे काही म्हणायचं तर त्यांना जमिनीवर बसून मान वाकडी करावी लागे. दोनदा त्यांनी करून पाहिलं. मग मान धरली म्हणून आठवडाभर शेक घेतला, आणि पाढे म्हणायची खुर्ची उचलून पुढच्या ओसरीवर नेली.