मारोतीची गिनती

एका तंबूत चार माणसं आठ दिवस कोंडून राहिली की किस्से साचतात, ओल्या मोज्यांसारखे. धुवायला कुणी काढत नाही आणि टाकवतही नाहीत. आमचं मंडळ आता मोडल्यात जमा आहे, पण बसस्टँडवर दोघं जरी भेटलो तरी एक गाडी चुकतेच.

त्या वर्षी लडाखला निघण्याआधी आठवडाभर मला झोप नव्हती. आपण मरू, ही काळजी होतीच. पण तिच्याही वर एक होती. मी नाही आले तर माझ्या साडेचार वर्षांच्या प्रज्ञाची वेणी कोण घालणार? सासूबाई केस एवढे ओढून बांधतात की लेकराचे डोळे तिरपे होतात. दरीत पडायच्या विचारानं मी कूस बदलायची, आणि त्या तिरप्या डोळ्यांच्या विचारानं उठून बसायची. असली बाई सहा हजार मीटरच्या वर जायला निघाली होती.

मंडळ म्हणजे आम्ही चौघं. गायकवाड सर आमच्या शाळेतले पीटीचे शिक्षक. तरुणपणी हिमालय चढून आलेले आणि तेव्हापासून तालुक्याला चढवायच्या मागे लागलेले. रफीकभाई लाइनमन. मारोती शिरड शहापूरकडचा, मेंढरांमागे अर्धं आयुष्य चाललेला. आणि मी, त्याच शाळेतली विज्ञानाची बाई. कॉलेजात एनसीसीतून गिर्यारोहणाचा कोर्स केला होता. कोर्स लग्नाआधीचा आणि भीती बाळंतपणानंतरची.

हिंगोली जिल्हा तेव्हा नवाकोरा होता. त्यामुळे काहीही केलं तरी ते ‘जिल्ह्यातलं पहिलं’ ठरायचं. सरांना तेवढंच हवं होतं.

*

आता आमच्या भागात चढायला आहे काय? कळमनुरी तालुक्यात आमच्या गावात सगळ्यात उंच वस्तू म्हणजे पाण्याची टाकी. दर रविवारी सकाळी आम्ही पाठीवर वीस किलो तुरीचं पोतं बांधून तिची शिडी चढायचो. कमरेला दोर, डोक्याला हेल्मेट, आणि माझा पंजाबी ड्रेस.

एका रविवारी वर पोचलो तर खाली जीप. त्यातून नवीन बदलून आलेले तहसीलदार साहेब उतरले, सोबत दोन पोलीस. आपल्याकडे टाकीवर माणसं चढतात ती कशासाठी, हे साहेबांना पक्कं ठाऊक होतं. त्यांनी भोंगा तोंडाला लावला.

“खाली या. टोकाचं पाऊल उचलू नका. तुमच्या मागण्यांवर विचार करू.”

सर वरून ओरडले, “साहेब, आमची काही मागणी नाही.”

साहेबांचा चेहराच उतरला. मागणी नसलेला माणूस टाकीवर, म्हणजे प्रकरण गंभीर. “अहो, असं निराश होऊ नका. लेखी देतो मी!”

रफीकभाईंना त्यांची दया आली असावी. ते कठड्यावरून वाकून म्हणाले, “साहब, वो स्कूल के सामने के रोड का तेवढं बघा.”

आठ दिवसांत रस्त्यावर मुरूम पडला. त्यानंतर कितीतरी दिवस गावातले लोक सरांना अडवून विचारायचे, “सर, आमच्या गल्लीत नळाला पानी कमी येऊन राहिलं. रविवारी जरा चढता का?”

*

लडाखच्या मोहिमेला परवानगी मिळाल्याचं पत्र आलं तेव्हा नवरा लगेच ‘हो’ म्हणाला. पण आमच्या घरात त्याच्या ‘हो’ला आईची सही लागते.

सासूबाई तांदूळ निवडत होत्या. मी बर्फ, उंची, वारा, सगळं खरं सांगितलं. मनातून मला त्यांनी ‘नको’ म्हणावं असंच वाटत होतं. म्हणजे दोष त्यांचा आणि मी घरात.

त्यांनी मान वर न करता विचारलं, “किती दिवस?”

“सव्वा महिना.”

“मी तीन महिन्यांचं लेकरू बांधावर झोळीत टाकून दुसऱ्याच्या रानात निंदायला जायची. तुझं तर शाळेला जाऊन राहिलं. जा.”

“तुम्हाला काळजी नाही वाटणार?”

“मला कसली काळजी? तू काय पाळण्यातली हायस का?”

पुढं जो कुणी दारात येईल त्याला त्या हेच सांगायच्या. मला कसली काळजी. आखाडा बाळापूरच्या बाजारापर्यंत ते वाक्य पोचलं होतं.

*

लडाखात आमच्यासोबत दोर्जे नावाचा वाटाड्या होता. अबोल माणूस. त्याला रफीकभाईंचं कोडं उलगडेना. रफीकभाई कुठल्याही लोखंडी वस्तूला, तंबूच्या खुंटीला, स्टोव्हला, आधी हाताची उलटी बाजू निसटती लावायचे आणि मग पकडायचे. वीस वर्षं तारांवर काढलेला माणूस. करंट असला तर हात आपोआप मागं फेकला जावा म्हणून.

दोर्जेनं शेवटी विचारलं, “यहाँ बिजली कहाँ है?”

“नहीं है ना. वोच देख रहा हूँ.”

बर्फाच्या नदीवर एक मोठी भेग होती. खाली बघितलं तर आधी पांढरं, मग निळं, मग काहीच नाही. तिच्यावर ॲल्युमिनियमची शिडी आडवी टाकलेली. दोर्जे गेला, सर गेले, मारोती गेला. रफीकभाईंनी शिडीला उलटा हात लावला आणि तेही गेले. मी मधोमध पोचले आणि पाय थांबले. थांबले म्हणजे पायांनी माझं ऐकणंच सोडलं. दोर कमरेला होता, तरी मला दिसत होते ते फक्त प्रज्ञाचे तिरपे डोळे.

सर सूचना देत होते, दोर्जे दोर ताणत होता. मला कुणाचंच ऐकू येईना. तेवढ्यात रफीकभाई अगदी गल्लीत उभं राहून बोलल्यासारखं म्हणाले, “मॅडम, मैं लाइन बंद करके आया. बिनधास्त आव.”

मी गेले. का गेले, ते विज्ञानाच्या बाईला आजही सांगता येत नाही.

*

मारोतीची एक खोड होती. कुठंही थांबलो की तो सगळ्यांच्या पाठीला हात लावून मोजायचा. एक, दोन, तीन, चार, आणि शेवटी स्वतःच्या छातीवर थाप मारून पाच. गिनती जमली की म्हणायचा, “बराबर.” त्याशिवाय पुढं पाऊल नाही. चहाला थांबलो तरी गिनती. सर चिडायचे, “अरे, समोर तर दिसून राहिलो आम्ही.”

“डोळे एकाला दोनदा मोजतात सर. हात एकदाच मोजतो.”

वरच्या कॅम्पला सामान ठेवून परतताना वादळ आलं. धोक्याची बर्फाची नदी मागं पडली होती, म्हणून दोर सोडलेला. वारा असा की स्वतःचा हात दिसेना. एका खडकाच्या आडोशाला गोळा झालो आणि मारोती नेहमीसारखा हात लावत फिरला.

“चार.” पुन्हा फिरला. “चारच. सर न्हाईत.”

दोर्जे म्हणाला, सर पुढे गेले असतील, तंबूत पोचलेही असतील. ते अगदी शक्य होतं. तंबू जवळ होता. मी गारठले होते, आणि खरं सांगायचं तर माझ्या मनानं लगेच कबूल केलं की सर पुढेच गेले असणार. ते मला सोयीचं होतं.

मारोती खाली बसला. “असतील बी. पर गिनती बराबर न्हाई. कळपात एक कमी असलं तर आमच्यात चूल पेटवत न्हाईत.”

त्यानं कमरेला दोर बांधला, दुसरं टोक रफीकभाईंच्या हातात दिलं आणि आलो त्या दिशेला गेला. दोर संपत आला. रफीकभाईंनी स्वतःजवळचा दोर त्याला जोडला. मी त्यांना धरून बसले, दोर्जे मला धरून. किती वेळ गेला ते माहीत नाही.

सर मारोतीला एका दगडावर बसलेले सापडले. हातमोजे काढलेले, जॅकेटची चेन उघडी. थंडी डोक्यात शिरली की माणसाला उकडायला लागतं, तसं झालेलं. मारोतीला बघून त्यांनी शांतपणे विचारलं, “पोरं मैदानावरून आली का रे सगळी?”

“आली सर,” मारोती म्हणाला. “तुमीच राहिलात.”

आणि अडलेली मेंढी आणतात तसं त्यांना खांद्यांवर आडवं घालून घेऊन आला.

तंबूत गरम पाणी पोटात गेल्यावर सर भानावर आले. दोन बोटांची टोकं पांढरी पडली होती, पण ती पुढं वाचली. भानावर येताच त्यांना राग आला, “मला मेंढरासारखं उचललंस?”

“मेंढरू हलकं असतंय सर. अन् वाटंनं एवढं बोलत न्हाई.”

*

सर बेस कॅम्पला थांबले. आम्ही निघताना मला म्हणाले, “बाई, आता माझ्या वाटचं तुम्ही चढा.” मी बरं म्हणाले आणि तंबूमागं जाऊन बुटांच्या नाड्या तीनदा सोडून बांधल्या.

शेवटच्या दिवशी पहाट उजाडली ती स्वच्छ. दहा पावलं आणि थांबा, दहा पावलं आणि थांबा. पुढं पुढं तर पाच. मी दर थांब्याला ठरवत होते की इथूनच परत फिरू, आणि दर वेळी वाटायचं, सांगायलाही दम लागेल, त्यापेक्षा चालू. असं करता करता पुढं चढच उरला नाही.

चारी बाजूंनी खालीच. मी वर होते. इतकी वर मी कधीच, कुणाच्याच नजरेत, स्वतःच्या तर नाहीच नाही, गेले नव्हते. मी बर्फात गुडघे टेकून मोठ्यांदा हसत सुटले. रफीकभाई दोन्ही हात पसरून आकाशाकडं बघत होते आणि गालावर ओघळलेलं पाणी तिथंच गोठत होतं.

वॉकीटॉकी खरखरला. सरांचा आवाज. पोचलात का, असं त्यांनी विचारलंच नाही. म्हणाले, “मारोती, गिनती?”

मारोतीनं तिघांच्या पाठीला हात लावला, मग स्वतःच्या छातीवर थाप मारली.

“चार सर. बराबर.”



*

गावात आमचा सत्कार झाला. शाळेच्या मैदानावर मांडव, ताशा, शाल-श्रीफळ. माझ्या नाकाची कातडी सोललेली, ओठ फाटलेले. साहेबही आले होते, तेच, भोंग्याचे. भाषणात ‘जिल्ह्यातल्या पहिल्या’ हे शब्द इतक्यांदा आले की मला खरंच वाटायला लागलं.

पहिल्या रांगेत सासूबाई नव्या लुगड्यात ताठ बसल्या होत्या. शेजारणीला सांगत होत्या ते मला स्टेजवरही ऐकू येत होतं, “मला कसली काळजी? जाते म्हणली, म्हणलं जा. मी तर सव्वा महिना ध्यानातबी आनलं न्हाई.”

मुख्याध्यापकांना शेवटी हौस आली. त्यांनी प्रज्ञाला टेबलावर उभं केलं, माइक तिच्या तोंडापुढं धरला आणि विचारलं, “बाळा, मम्मी एवढ्या बर्फात गेली, तर तुला भीती वाटली का?”

प्रज्ञानं आधी माइकला बोट लावून पाहिलं. तिचा श्वास सगळ्या गावाला ऐकू गेला. मग ती म्हणाली,

“मला न्हाई वाटली. मी एकदाच रडले. आजी रोज रडायची, भाकरी थापताना. मम्मीला सांगू नको म्हणली.”