ब्रोमाइडची बाटली

बाबांचा बंद पडलेला फोटो स्टुडिओ आवरताना एक तपकिरी बाटली सापडली. तळाशी मिठासारखे पांढरे खडे होते, पोटॅशियम ब्रोमाइडचे. फोटो धुवायच्या द्रावणात बाबा ते चिमूटभर टाकायचे. त्याने उजेड न लागलेला कागद पांढराच राहतो. नाहीतर सगळीकडे राखाडी धुकं चढतं.

एकदाच ते टाकायला विसरले. पलीकडच्या आळीतल्या एका बाईंचा फोटो होता. त्या वारल्यावर, स्मशानात न्यायच्या आधी घाईने काढलेला, जन्मातला पहिलाच. पांढऱ्या चादरीवर, तोंडापाशी धुकं उतरलं होतं. बाबा ओशाळून म्हणाले, "दुसरा करून देतो."

बाईंच्या नवऱ्याने फोटो सोडलाच नाही. "राहू द्या. श्वास घेतेय ती."

मला तेव्हा तो माणूस खुळा वाटला होता. मनालाही अशी चिमूट लागत असावी, नाहीतर गेलेली माणसं नेमकी कुठे संपली तेच कळत नाही.

घरी आता बाबांचा फोटो आहे, अगदी लख्ख. पुसायला म्हणून मी काचेवर तोंडाची वाफ सोडते, आणि त्यांच्या ओठांवरून ती विरेपर्यंत माझा हात उचलत नाही.