डाव्या कोपऱ्यातला आकडा

एलादिओ रिबेरोन रस्त्यात भेटला की आमच्या रेइना भागातली माणसं "काय, कसं काय?" म्हणायच्या भानगडीत पडत नसत. "पाच तीन एक," एवढंच म्हणून पुढे सटकत. आपण होऊन आकडा सांगितला नाही तर तो विचारणार, आणि त्याने विचारायला घेतलं की दुकानातला पाव संपेपर्यंत तुमची सुटका नाही.

हा आकडा किल्ल्याच्या खेळाच्या आवृत्तीचा. आमच्या सिएनफुएगोस शहरात त्या वेळी इंटरनेट कशाशी खातात हे कुणाला ठाऊक नव्हतं. आम्ही गच्च्यांवरून तारा ओढून दोनशे घरांतले संगणक एकमेकांना जोडले होते, आणि जो तो आपल्या खुर्चीत बसून शेजाऱ्याचा किल्ला पाडत होता. सगळ्या तारा येऊन मिळतात ती पेटी माझ्या गच्चीवर. मी शाळेत जीवशास्त्र शिकवायचे म्हणून सगळे मला बाई म्हणत, आणि पेटी माझ्याकडे म्हणून तार तुटली की शिव्याही मलाच घालत.

खेळात सुधारणा झाली की नवा खेळ हवानाहून बसने यायचा, कुणाच्या तरी पिशवीतल्या डिस्कवर. तो प्रत्येकाने आपल्या संगणकावर उतरवून घ्यायचा. आकडे जुळले नाहीत तर तुमचा खेळ दुसऱ्याच्या खेळाला ओळखच दाखवत नाही. नुसता शेवटचा आकडा चुकला असेल तर त्याहून वाईट. तेव्हा तो आत घेतो आणि ऐन लढाईत सगळ्यांनाच बाहेर फेकतो. दीड तासाची मेहनत पाण्यात.

एलादिओला हवं होतं ते हेच. सव्वीस वर्षं हा माणूस जिल्ह्यातल्या सरकारी दुकानांचे वजनकाटे तपासत फिरला होता. निवृत्त झाल्यावर तपासायला काही उरलं नाही आणि तो सुकत चालला. बायको काळा घेवडा निवडायला बसली की हा शेजारी बसून तिने किती खडे सोडले ते मोजायचा. किल्ल्याच्या खेळाने त्याचा जीव वाचवला, आणि माझ्या मते तिचाही.

लोक खेळ उतरवून घेत आणि फोल्डरला नाव देत: 'नवा', मग 'नवा खरा', मग 'अगदी शेवटचा नवा'. एलादिओचा यावर भयंकर राग.

"नाव सांगू नका मला. दुकानदारसुद्धा काट्यावर 'तपासलेला' अशी चिठ्ठी चिकटवायचे, आणि पौंडामागे दोन औंस खायचे! खेळ उघडा. खाली डावा कोपरा. बारीक आकडे दिसतील. चष्मा लावा आणि वाचा."

दर जूनमध्ये आमचा सामना शेजारच्या तुलिपान भागवाल्यांशी. सहा विरुद्ध सहा. त्या दिवशी सगळे आपापले संगणक सायकलरिक्षात, हातगाडीत घालून माझ्या अंगणात आणत. एलादिओ आमचा कप्तान. सामन्याच्या आधी प्रत्येकाने आपला आकडा मोठ्याने वाचायचा आणि ज्याचा जुळणार नाही तो बाहेर, हा नियमही त्याचाच. एका वर्षी त्या नियमात मायेलिन सापडली. ती नखं रंगवते, केस सरळ करते, आणि आमच्यात सगळ्यात चांगली खेळते. तिच्या फोल्डरचं नाव होतं 'अगदी शेवटचा नवा'. आकडा निघाला पाच दोन सहा. हवा होता पाच दोन सात.

"एका आकड्याने काय होतंय हो?" मायेलिन म्हणाली.

"एका औंसाने काय होतंय, असं मला सव्वीस वर्षं विचारत होते. बाहेर!"

आम्ही हरलो. मायेलिन वर्षभर त्याच्याशी बोलली नाही. त्याच्या बायकोची नखं मात्र दर महिन्याला रंगवत राहिली, आणि रंगवताना त्याच्याबद्दल जे बोलायचं ते तिला ऐकवत राहिली.

पुढच्या मार्चमध्ये पाच तीन एक आला. डिस्क माझ्या घरी आणि रांग अंगणात. आमच्याकडे रांग डोळ्यांना दिसत नाही. जो येतो तो "शेवटचं कोण?" विचारतो, उत्तर देणाऱ्याला लक्षात ठेवतो आणि सावलीत जाऊन बसतो. एलादिओ आला, विचारलं, बसला. त्याची पाळी आली तसा उठला, मागच्याला म्हणाला, "जा तू," आणि परत "शेवटचं कोण?" असं तीनदा झालं. आम्ही हसलो.

"म्हाताऱ्याला रांगेची चटक लागली आहे!" कुणीतरी ओरडलं.

चौथ्या वेळी तो घरी निघून गेला. दुसऱ्या दिवशी विचारलं तर म्हणाला, "घेतला की. दुसऱ्याकडून."

पुढे सराव सुरू झाले. कधी त्याचा माउस बिघडलेला, कधी नेमकी त्याच्याच घरची वीज गेलेली, तर कधी "कप्तानाने मागे उभं राहून बघायचं असतं." आम्ही पाच जण त्याच्याविनाच लढत होतो, आणि तो मात्र घरोघर फिरून आमचे आकडे तपासत होता.

मग एका सकाळी फेर्मिनची तार तुटली. फेर्मिन हा एलादिओच्या जीपचा ड्रायव्हर. सव्वीस वर्षं दोघं एका गाडीत. दोन वर्षांपूर्वी त्याला झटका आला, डावी बाजू गेली, आणि तेव्हापासून तो तिसऱ्या मजल्यावरून खाली उतरलेला नव्हता. मी तार जोडली, त्याच्या पडद्याकडे पाहिलं आणि थांबले. डाव्या कोपऱ्यात पाच दोन सात. खेळात दोनच नावं: फेर्मिन आणि एलादिओ. टेबलावर फोनचा रिसीव्हर आडवा ठेवलेला, आणि त्यातून एलादिओ ओरडत होता, "अरे, झोपलास काय?"

"रोज दहाला," फेर्मिन म्हणाला. "माझ्या या खटाऱ्यावर नवा खेळ उघडतच नाही, बाई. जुन्यात आता कुणी उरलं नाही. हा एकटाच येतो. आणि खेळतो काय! गाढवासारखा खेळतो!"

"ऐकू येतंय मला!" रिसीव्हर म्हणाला.

दुपारी मी एलादिओला गाठलं.

"दोन्ही ठेवा की," मी म्हटलं.

"जागा नाही डिस्कवर. एक पुसला तरच दुसरा बसेल."

"मग सामन्यापुरता जुना पुसा. सोमवारी परत घाला."

"परत कुठून घालू? नवा आल्याबरोबर सगळ्यांनी जुना पुसलाय. तपासला ना मी घरोघर. पाच दोन सात आता दोनच उरलेत, बाई. माझा कुणाकडे ठेवावा तर सगळ्यांच्याच डिस्क भरलेल्या. फेर्मिनची डिस्क कुरकुरते, तिच्यावरून काही उतरवून घ्यायला गेलो तर तीच जायची. माझा पुसला तर सोमवारी दहाला तो कुणाची वाट बघणार?"

"मग कप्तानपद सोडा. आधीच सांगा सगळ्यांना."

"शनिवारी ठरवतो. तुम्ही कुणाला बोलू नका."

मी शब्द दिला आणि मला त्याचा रागही आला. तीन वर्षं हरल्यानंतर हा सामना जिंकायचा म्हणून तो तुलिपानच्या प्रत्येक खेळाडूच्या खोडी पाठ करून बसला होता. जिंकणं त्याला किती हवं होतं, हे मला माहीत होतं.

रविवारी अंगणात बारा संगणक मांडले. आकडे वाचणं सुरू झालं. पाच तीन एक, पाच तीन एक. एलादिओने खेळ उघडला आणि हात मांडीवर ठेवून बसला. त्याच्या हाताखाली खेळायचं नाही म्हणून राखीव राहिलेली मायेलिन त्याच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली. वर्षभराने ती पहिल्यांदा त्याच्याशी बोलली.

"चष्मा लावा आणि वाचा."

त्याने चष्मा लावला. "पाच," तो म्हणाला. "दोन. सात."

तुलिपानवाल्यांनी टेबलं बडवली. आमच्यातल्या एकाने कपाळावर हात मारला.

"एलादिओ रिबेरोन," एलादिओच म्हणाला, "बाहेर." मग तो उठला, रुमालाने खुर्ची पुसली आणि मायेलिनकडे सरकवली.

"तीन महिने नाचवलंत आम्हाला!" मायेलिन भडकली. "शेवटच्या एका आकड्यासाठी मला हाकललंत, आणि स्वतः मात्र—"

तो रुमालाची घडी घालत राहिला. तेव्हा मी दिलेला शब्द मोडला आणि तिला बाजूला घेऊन सगळं सांगितलं. मला त्याचा पश्चात्ताप नाही. तिने आपला संगणक लावला, आकडा मोठ्याने वाचला आणि खेळायला बसली. पाच जणांनी केलेल्या चुका ती एकटी निस्तरत होती, आणि तिच्या मागे उभा राहून एलादिओ तिच्या कानात तुलिपानच्या खोडी सांगत होता. तरी आम्ही हरलोच, पण या वेळी तुलिपानला घाम फुटला. संध्याकाळी तिने त्याचा संगणक आपल्या हातगाडीत घातला आणि म्हणाली, "घरी पोचवते. पण आधी माझ्याकडे नेते, मला काम आहे." तो इतका दमला होता की काय काम, हे त्याने विचारलंही नाही.

सोमवारी मी फेर्मिनकडे कालचा उरलेला रताळ्याचा गोड शिरा घेऊन गेले. दहा वाजले होते. रिसीव्हर टेबलावर आडवा होता आणि दोघांची जुंपली होती. एवढ्यात पडद्यावर तिसरं नाव आलं: मायेलिन.

"ही कोण घुसली?" फेर्मिन ओरडला.

रिसीव्हरमधून खुर्ची मागे सरकल्याचा आवाज आला. "आधी आकडा विचार तिला! आत घेऊ नकोस! आकडा विचार!"

फेर्मिनने एका बोटाने एकेक अक्षर शोधत विचारलं. उत्तर लगेच उमटलं.

'पाच दोन सात. चष्मा लावून वाचलाय. काल म्हाताऱ्याच्या डिस्कवरून उतरवून घेतला. जागा करायला माझ्या मालिकेचे नव्वद भाग पुसले, आता शेवट काय झाला ते कुणीतरी सांगा.'

पडद्यावर एलादिओच्या किल्ल्यात काहीच हलेना.

"अरे, मेलास काय तिकडे?" फेर्मिन त्यात तोंड घालून ओरडला. "ती दोन बुरूज बांधून मोकळी झाली, ऊठ!"