जुन्या दुखापतीचा कोड

रुग्णालयाच्या खिडकीपलीकडच्या कारकुनाने मान वर न करता विचारलं, "अपघात जुना ना? मग आजाराच्या रकान्यात 'नंतरचे परिणाम' हा कोड टाकतो."

टेम्पोचं स्टिअरिंग आदळून माझ्या नवऱ्याच्या छातीतली मोठी रक्तवाहिनी फाटली होती. डॉक्टरांनी ती शिवली, पण मुलांना पोहायला शिकवणारे हे आता एक जिना चढले तरी धापा टाकतात.

कीबोर्डवर निर्विकारपणे चालणाऱ्या कारकुनाच्या बोटांचा मला संताप आला. "दुखापत संपली, असं कोणी सांगितलं तुम्हाला?"

"ताई, कॉम्प्युटरमध्ये तसंच आहे."

रोज नव्याने उठणारं दुखणं जुनं ठरवायला यांना एक बटण पुरतं!

नवऱ्याने माझा हात धरला. "चल, घरी," ते म्हणाले, आणि त्या दोन शब्दांच्या मध्ये त्यांना श्वासासाठी थांबावं लागलं.