मशकमामा

मशकमामा हसले की आधी त्यांचे पाय नाचायचे, मग आवाज यायचा. सौदीतल्या कतीफजवळच्या आमच्या कंपनीत ते सुपरवायझर होते, स्पेनमधल्या गॅलिसियाचे. काखेत पाण्याच्या मशकीसारखी चामड्याची पिशवी दाबून ते त्यांच्या मुलखातला बॅगपाइप वाजवत, म्हणून आम्ही रत्नागिरीकरांनी त्यांचं हे नाव ठेवलं.

"आमच्याकडे पाऊस थांबतच नाही," ते मोडक्या हिंदीत सांगत, "माणूस नाचला नाही तर त्याला बुरशी येईल." हे ऐकून मेसचे आचारी, दापोलीचे हसनचाचा, म्हणाले, "म्हणजे हा आपलाच की रे!"

मामांच्या मुलखात गिरणीवर दळण होईपर्यंत लोक नाचत. तोच नाच मामा दर शुक्रवारी आम्हाला शिकवत. आमच्या पायांना कोकणातल्या जाखडी नाचाची सवय. डावा पाय स्पेनला जाई, उजवा संगमेश्वरला. मामा कपाळावर हात मारून ओरडत, "यल्ला, चला चला, चुकलात तरी थांबू नका!"

मग त्यांच्या लेकीचं, सबेलाचं, लग्न ठरलं. ती घराबाहेर पडताना आपण वाजवायचं, असं मामांनी तिला लहानपणीच कबूल केलं होतं. पण रजेवर जायचा परवाना कफीलकडे, म्हणजे आमच्या अरब मालकाकडे, अडकला. लग्नाच्या सकाळी तर एसीच्या कोरड्या हवेनं वाद्यातली सूर काढणारी बोरूची पत्तीच तडकली. मामांनी तडकलेली पत्ती आमच्यापुढे धरली.

"बोरूच ना? चला!" हसनचाचा म्हणाले. खजुराच्या बागेतल्या पाटाच्या काठावरून आम्ही बोरूच्या वाळक्या कांड्या आणल्या. मामा चाकूनं तासत बसले. फोनच्या पडद्यावर सबेला दारात उभी, सगळं वऱ्हाड खोळंबलेलं. मामांनी फुंकर घातली आणि चक्क बकरी ओरडली! तिकडे नवरी पोट धरून हसायला लागली. मामांनी पत्ती पुन्हा तासली. या वेळी सूर लागला. सबेला झगा सावरून उंबऱ्यावरच नाचू लागली, आम्ही मेसमध्ये, आणि हसनचाचा बिर्याणीचा झारा हातात घेऊन. मामांचे गाल फुगलेले होते, त्यांवरून पाणी ओघळत होतं.

कंत्राट संपलं तेव्हा आम्ही त्यांना विमानतळावर सोडायला गेलो. तपासणीच्या अधिकाऱ्यानं पिशवीकडे बोट दाखवून विचारलं, "हे काय?" मामांनी सांगण्याऐवजी वाजवलंच. रांगेतल्या बायकामुलांनी टाळ्यांचा ठेका धरला, अधिकारीही हसला. मामा वाजवत वाजवतच आत गेले.

सूर ऐकू येईनासा झाला. "डोळे पुसा रे," हसनचाचा म्हणाले आणि गाडीकडे निघाले. सत्तरीला टेकलेला तो माणूस गिरणीच्या नाचाचीच पावलं टाकत चालला होता, आणि आज त्याची एकही चूक होत नव्हती.