मावळतीकडून आलेलं ऊन

कनीजबीला मी पहिल्यांदा नीट पाहिलं, तेव्हा ती माझं माप घेत होती. शाळेतली नोकरी संपल्यावर मी या मागांच्या गावात, लालबाग वस्तीत मुलाकडे राहायला आले, आणि ब्लाउज शिवण्यासाठी शेजारणीनं तिचं नाव सांगितलं. टेप माझ्या दंडाभोवती होता, पण तिची नजर माझ्या खांद्यावरून अंगणाच्या भिंतीपलीकडे गेली होती. तिथं शेजारच्या घरासमोर ट्रॉलीतून विटा उतरत होत्या.

"अजून उतरतच आहेत," ती म्हणाली. मला नव्हे, स्वतःशी.

ब्लाउज हाती आला तेव्हा एक बाही सैल होती, दुसरी घट्ट. तिनं तो उसवून पुन्हा शिवून दिला. शिलाईत तिची चूक सहसा होत नाही, हे मला नंतर कळलं. त्या दिवशी तिच्या चुकीचं कारण विटा होत्या.

त्या विटा हाजराच्या. दोघी एकाच वर्षी या गल्लीत सून म्हणून आल्या. कनीज घरचे माग असलेल्या बापाकडून, उर्दूच्या चार इयत्ता शिकून आली, हाजरा जवळच्या जसोंडी गावाकडून, बकऱ्या राखणाऱ्यांच्या घरातून. दोन अंगणांमधल्या भिंतीत एक वीट काढून त्यांनी खिडकी केली होती. त्यातून कढीची वाटी जायची, सुईदोरा यायचा, आणि सासवांविषयी बोलणंही व्हायचं. हाजराला लहानपणापासून अनवाणी राहायची सवय. पायात चपला घातल्या की आपले पाय आपले वाटत नाहीत, असं ती म्हणे.

मग दिवस फिरले. कनीजचा नवरा मुख्तारभाई दुसऱ्याच्या पॉवरलूमवरच राहिला. हाजराच्या मुलानं, तौसीफनं, बकऱ्यांच्या व्यापारातून फर्निचरचं दुकान काढलं, ते चाललं, आणि जुन्या घराच्या जागी तीन मजले उभे राहू लागले. बांधकामात ती भिंतीतली खिडकी बुजली. गवंड्यानं बुजवली, कुणाला विचारलं नाही. हाजराच्या लक्षातही आलं नसावं. कनीजच्या मात्र आलं.

दर जुम्याला, शुक्रवारी, दुपारच्या नमाजनंतर गल्लीतल्या बायका कनीजच्या अंगणात जमत. कुणी मागासाठी सुताच्या कांड्या भरायला आणी, कुणी मटार सोलायला. कनीज मशीनवर बसून दीनच्या, धर्माच्या गोष्टी सांगे. माझं काम निघालं की मीही कोपऱ्यात बसून ऐके. तिला कुणी वर्ग घ्यायला शिकवलं नव्हतं, पण सगळ्यांना गप्प करायचं असलं की ती पायडल थांबवायची आणि दोरा ओठांत धरायची. अंगण चिडीचूप व्हायचं.

कयामतच्या, जग संपण्याच्या निशाण्या हा तिचा आवडता विषय. आधी लहान निशाण्या येतील. अमानत, माणसातला विश्वासूपणा, उठून जाईल, वर्ष महिन्यासारखं सरेल, महिना आठवड्यासारखा. मग मोठ्या. एका डोळ्याचा दज्जाल लोकांना फसवायला येईल, हजरत इसा, म्हणजे येशू, आसमानातून उतरतील, याजूज-माजूजच्या रानटी टोळ्या सुटतील. आणि एका सकाळी सूरज मगरिबकडून, म्हणजे मावळतीकडून उगवेल. त्यानंतर तौबाचा, पश्चात्तापाचा दरवाजा बंद. मग कितीही रडा.

"म्हणून जे मिटवायचं ते आधी मिटवा," ती म्हणायची. "अल्लाहचा गुन्हा अल्लाहकडं माफ होतो. पण माणसाचं मन दुखवलं असेल तर त्या माणसाच्याच दारात जावं लागतं."

हे सगळं ती पूर्वीपासून सांगत होती. पण शेजारी दुसरा मजला चढला तशी एक निशाणी वरचेवर यायला लागली.

"ज्यांच्या पायात जोडा नाही, अंगावर धड कपडा नाही, असे बकऱ्या राखणारे उंच उंच इमारती बांधण्यात चढाओढ करतील," कनीज सावकाश म्हणाली. पलीकडे गवंड्याचं ठाकठोक चाललं होतं. बायकांच्या नजरा आधी वर गेल्या, मग खाली, हाजराकडे. हाजरानं पसरलेले पाय हळूच जवळ घेतले आणि ओढणीखाली झाकले.

मग तिनंच हसायचं ठरवलं. "कनीज, चढाओढीला दुसरा बकरीवाला तरी दाखव गल्लीत. मी तर एकटीच आहे."

सगळ्या हसल्या. कनीजही हसली, पण पायडल तिनं जरा जोरातच मारलं. पुढच्या जुम्याला हाजरा आली नाही, त्याच्या पुढच्यालाही नाही.

मुख्तारभाई अबोल माणूस, पण बायकोच्या बाबतीत त्यांचं तोंड नेमकं उघडतं. एकदा माझ्यासमोरच म्हणाले, "बाई, हिची कयामत जगभर सोडून या एकाच घरावर उतरते. दज्जालला तरी दुसरी गल्ली दे म्हणतो मी."

"तुम्ही एक मजला चढवला असता तर मला निशाण्या बघायला फुरसत मिळाली नसती," कनीज म्हणाली, आणि लगेच मान खाली घालून काजं करायला लागली. नवऱ्याला ते लागलं, हे तिला दिसलं होतं.

मी तिला या दिवसांत पुष्कळ पाहिलं. हेवा तिला शोभत नव्हता आणि सुटतही नव्हता. हाजराकडे मोठा फ्रीज आला, हे तिला खोक्यावरून समजलं. नळाच्या तोट्या चमकतात, हे प्लंबरकडून. एकदा ती मला म्हणाली, "बाई, मला तिचं घर नको. तिला आता माझ्याकडं मागायला काही उरलं नाही, ते सहन होत नाही." एवढं स्वच्छ तिनं पुन्हा कधी सांगितलं नाही.

घर पुरं होत आलं तेव्हा हाजरा स्वतः आली. नव्या घरात कुरानखानी, सगळ्यांनी मिळून कुराण पढणं, ठेवायची होती. "तूच पुढं बसायचं," ती कनीजला म्हणाली. "दुसऱ्या कुणाला मी सांगणार नाही." कनीजनं कपडा दाताखाली घालून दोरा तोडला. "माझे गुडघे दुखतात. इतक्या उंच मी कुठं चढू?" कुरानखानी तळमजल्यावर होती, हे दोघींनाही माहीत होतं. हाजरा आल्या पावली परत गेली.

त्यानंतरच्या एका संध्याकाळी तिसऱ्या मजल्याला कनीजच्या अंगणाच्या बाजूनं काच बसली. पूर्ण भिंतभर, आरशासारखी. कनीजला थंडीताप होता, ती लवकर झोपली होती. तिनं ती काच पाहिली नाही.

सकाळचं मला तिघांनी वेगवेगळं सांगितलं, ते असं. पहाटेची, फजरची नमाज पढून कनीज पुन्हा पांघरुणात शिरली आणि तिचा डोळा लागला. तिच्या खोलीचं दार पश्चिमेला, अंगणाकडे. त्या दारातून सकाळचं ऊन आत येणं शक्यच नाही, लग्न होऊन आल्यापासून कधी आलेलं नाही. ती जागी झाली तर दार उजेडानं भरलं होतं. मशीनच्या चाकाची सावली आतल्या भिंतीवर पडली होती, पूर्वेच्या भिंतीवर.

ती उठून बसली. तिला नमाज आठवली नाही, मालेगावला दिलेल्या मुली आठवल्या नाहीत. आठवले ते ओढणीखाली जाणारे हाजराचे पाय. ती तशीच उठली आणि गल्लीतून अनवाणी धावत सुटली. मुख्तारभाई चहा गाळत होते. त्यांना वाटलं, ताप डोक्यात गेला.

हाजरा नव्या ओट्यावर बसून टोस्ट बुडवत होती. कनीजनं तिचे पायच धरले. "माफ कर. सगळं तुलाच बोलत होते मी. माझ्या छातीत जळत होतं म्हणून बोलले. लवकर माफ कर."

"अगं, पण झालं काय?"

"सूरज मगरिबकडून निघालाय."

हाजरानं वर पाहिलं. मग कनीजकडे पाहिलं, तिच्या तापलेल्या तोंडाकडे, चिखल लागलेल्या पायांकडे. ती हसली नाही. हे मला तिच्याविषयी नेहमी सांगावंसं वाटतं. "सूरज जिथून निघतो तिथूनच निघालाय," ती म्हणाली. "ती माझी काच आहे. काल बसवली."

कनीजनं मान वर करून काच पाहिली.

"माफ तर केलं," हाजरा म्हणाली. "पण काच आहे कळल्यावर शब्द परत घेणार नाहीस ना?"

"थोडे घ्यावेसे वाटतायत," कनीज म्हणाली. आता मात्र दोघी हसल्या. हाजरानं ओट्यावर जागा करून दिली आणि अर्धा टोस्ट तिच्या हातात ठेवला.

तेवढ्यात मुख्तारभाई तिच्या चपला घेऊन पोचले. त्यांनी विचारलं, "सूरज तिकडून निघाल्यावर तौबा कबूल होत नाही, हे तूच शिकवतेस. मग धावलीस कशाला?"

"तौबा अल्लाहकडं," कनीज म्हणाली. "हाजरा तर घरीच होती ना."

कुरानखानी झाली, कनीज पुढं बसली. बकरीवाल्यांची निशाणी ती अजून सांगते, कारण ती दीनमधली आहे, गाळता येत नाही. पण सांगताना शिलाईकडे बघते, आणि हाजरा पाय ऐसपैस पसरून ऐकते. हेवा गेला असं मी म्हणणार नाही. गेल्या महिन्यात तौसीफनं गाडी घेतली, तेव्हा माझ्या ब्लाउजची बाही पुन्हा सैल आली.

तिची नजर आता कमी झाली आहे, डॉक्टरांनी मोतीबिंदू सांगितलाय. बारीक काम ती सकाळीच करते. मशीन तिनं दारापाशी आणून ठेवलंय, आणि समोरच्या काचेचं ऊन तिच्या सुईवर पडतं तेवढ्या वेळात ती काजं करून घेते.