फेसाचं माप

फोन नीट कानाला लाव. जयसिंगपुरात राहतेस म्हणून सुटलीस असं समजू नको, इथूनच कान धरते तुझा. नात असलीस म्हणून काय झालं? काल फोनवर मामाची बाजू घेऊन म्हणालीस, "आजी, एवढ्याशा फेसावरून एवढा तमाशा?" एवढासा? ऐक तर मग.

माझं माहेर पेठ वडगावचं, घरात म्हशी. दुधात पाणी घातलं की म्हशीचा शाप लागतो, एवढंच वडिलांनी शिकवलेलं. लग्न होऊन कोल्हापुरात आले, तर इथं म्हैसच दूध विकायच्या कट्ट्यावर आणून गिऱ्हाइकापुढं धार काढायची पद्धत. पाणी घालायला जागाच नाही. काय इमानदार माणसं, वाटलं मला! मग सासूबाईंनी हात कसा धरायचा ते दाखवलं. धार उंचावरून मापात मारायची, माप फेसानं काठोकाठ भरतं, फेस बसायच्या आत गिऱ्हाइकाच्या भांड्यात ओतायचं. शिकले की मीही. पापबिप काही वाटलं नाही. पाणी कुठं घातलं होतं?

शेजारी गाद्या भरणारं मुसलमान कुटुंब. त्यांची सून बाळंत झाली, अंगावर दूध येईना. तिची सासू रोज आमच्याकडनं तान्ह्यासाठी दूध न्यायची. एकदा हसत म्हणाली, "पोरी, तुमच्या म्हशीचं दूध लई लाजरं हाय बघ. माझ्या घरला आलं की तळाला जाऊन बसतंय." कट्टा हसला. मीही हसले, निलाजरी! दुपारी बाळ बघायला गेले, तर तपेली निम्मीच, आणि ते लेकरू चमच्याकडं तोंड वासून रडतंय.

घरी येऊन सांगितलं, तर सासूबाई म्हणाल्या, "पाणी घातलंय का आपण? न्हाय न्हवं? मग गप की." गप्प बसले गं मी. कळलं होतं सगळं, तरी त्या जिवंत होत्या तोवर हात उंचच राहिला माझा. त्यांच्यापेक्षा माझाच संताप येतो मला, अजून.

आणि परवा तुझ्या मामानं तेच केलं. एक बाई दवाखान्यातल्या नवऱ्यासाठी दूध घेत होती. म्हटलं, "फेस बसू दे, मग वर भर घाल." तर म्हणतो, "आई, पाणी घातलंय का मी?" पन्नाशी उलटली, आणि अक्कल ही! सगळ्यांदेखत माप ओढलं त्याच्या हातातनं, फेस बसेतोवर थांबले आणि भरून दिलं. तेव्हापासून जेवायला बसतो, बोलत नाही. न का बोलेना! पण हे गुडघे घेऊन मी रोज कट्ट्यावर किती उभी राहणार? मी घरात बसले की ह्याचा हात पुन्हा वर जाणार, तीच भीती आहे मला. माझं नाही, पण तुझं ऐकतो तो. या रविवारी ये बाई, सकाळच्या धारेलाच पोच.